जरी, तरी आणि ‘नो सूनर’

महाराष्ट्रात मराठी माध्यमातून शिकलेल्या साठीतल्या माणसालाही झोपेतून उठवून विचारले तरी एक गोष्ट सांगता येते: ‘नो सूनर’ आले की पुढे ‘दॅन’, आणि ‘हार्डली’ आले की ‘व्हेन’. बाकीचे व्याकरण विसरले असेल, पण ही जोडी नाही. परीक्षेतल्या ‘डू ॲज डायरेक्टेड’ या प्रश्नाने ती पक्की करून घेतली. दोन वाक्ये द्यायची, कंसात ‘ॲज सून ॲज’, ‘अनलेस’ किंवा ‘नॉट ओन्ली... बट ऑल्सो’ लिहायचे आणि म्हणायचे, जोडा. मार्क हमखास. आपल्याकडच्या इंग्रजी शिक्षणाच्या शंभर-सव्वाशे वर्षांकडे वळून पाहताना मला वाटते, या एका प्रश्नाने आपल्या इंग्रजी लिहिण्याला जेवढे वळण लावले, तेवढे कुठल्याही धड्याने लावले नाही.

सुरुवात अशी नव्हती. ब्रिटिश अमदानीत मुले इंग्रजीकडे वळली ती तर्खडकरांच्या भाषांतर पाठमालेतून. तिची रीत साधी: मराठी वाक्य वाचा, इंग्रजी करा, इंग्रजी वाचा, मराठी करा. कंटाळवाणी होती, हे खरे. पण तिच्यात एक सोय होती. ‘तरी’ला काय म्हणायचे, हे विचारण्याआधी या दोन गोष्टींत विरोध आहे हे मुलाला आपल्या भाषेत आधीच कळलेले असे.

मग व्याकरणाची इंग्रजीतून लिहिलेली पुस्तके आली: आधी नेसफील्ड, आणि 1930च्या दशकात रेन अँड मार्टिन. यातल्या पी. सी. रेन यांची गंमत अशी, की फ्रेंच फॉरेन लीजनवरची ‘बो जेस्ट’ ही 1924 सालची गाजलेली साहसकथाही त्यांचीच. विसाव्या शतकाच्या आरंभी ते मुंबई इलाख्याच्या शिक्षण खात्यात होते. वाळवंटातल्या किल्ल्याची थरारक गोष्ट रचणाऱ्या माणसाचे नाव आपल्याकडे मात्र सुटी वाक्ये जोडण्याच्या सरावाशी जोडले गेले! ‘सिंथेसिस’ नावाच्या त्या प्रकरणात दोन-तीन साधी वाक्ये एकत्र करून एक केवल, संयुक्त किंवा मिश्र वाक्य बनवायचे असे. सराव म्हणून तो उत्तम आहे. गडबड झाली ती पुढे, पुस्तकातला सराव परीक्षेतले ‘रूपांतर’ झाला तेव्हा.

रूपांतरात अर्थ आधीच दिलेला असतो. विद्यार्थ्याने फक्त सांधा बदलायचा. म्हणून ‘नो सूनर’नंतर ‘दॅन’च का, हे बहुतेक वर्गांत कुणी सांगितले नाही. ‘सूनर’ हे तुलनेचे रूप आहे. ‘टॉलर’नंतर जसे ‘दॅन’ येते तसेच इथेही. आणि नकार वाक्याच्या तोंडाशी आला की इंग्रजीत सहायक क्रियापद कर्त्याच्या आधी जाते, म्हणून ‘नो सूनर हॅड ही...’. दोन मिनिटांचे स्पष्टीकरण होते. त्याऐवजी पाठांतर मिळाले.

खरी अडचण मात्र वेगळीकडे होती. मराठीत विचार जोडायला दर वेळी सुटा शब्द लागतोच असे नाही. पुष्कळदा क्रियापदच ते काम करते. घरी जाऊन, जेवताना, पोहोचताच, विचारल्याशिवाय, पाऊस पडल्यामुळे. जुन्या बखरींतली आणि पत्रांतली लांबलचक वाक्ये अशाच रूपांच्या साखळीवर चालतात. हेच इंग्रजीत सांगायचे तर ‘ॲज सून ॲज’, ‘व्हाइल’, ‘बिकॉज’ असे सुटे खिळे ठोकावे लागतात. खिळा सापडला नाही की मुलगा सगळीकडे ‘अँड’ ठोकतो.

जिथे सुटे शब्द आहेत, तिथे तर उलटाच खेळ. ‘पाऊस पडला तरी सामना झाला’ असे आपण बिनदिक्कत म्हणतो. ‘जरी’ गाळले तरी चालते, ‘तरी’ गाळता येत नाही. इंग्रजीत ‘दो’ ठेवावे लागते आणि पुढचा शब्द गळतो. म्हणून ‘ऑल्दो... बट’ ही आपली हुकमी चूक. जुन्या इंग्रजी गद्यात ‘दो... येट’ अशी जोडी सर्रास होती, रेन अँड मार्टिनमध्येही ती आहे, आणि आपल्या शिक्षकांना ती आवडली यात नवल नाही. जरी-तरीला ती अगदी फिट बसत होती. पुढे इंग्रजांनीच ती जवळजवळ सोडली. आपण काही काळ धरून होतो. ‘तू येत नाहीस तोपर्यंत’चे ‘अन्टिल यू डोन्ट कम’ होते तेही असेच. मराठीला तिथे नकार हवा, इंग्रजीला नको. या चुका अडाणीपणाच्या नाहीत. त्यांच्या मागे एका भाषेचा पक्का हिशेब आहे.

स्वातंत्र्यानंतर इंग्रजी आठवीपासून शिकणारी एक पिढी आली, पुढे ते पाचवीपासून सुरू झाले आणि 2000 साली पहिलीपासून. वर्षे वाढली, पुस्तके बदलली, अलीकडे प्रश्नपत्रिकेची कृतिपत्रिका झाली. कंसातला शब्द वापरून वाक्य पुन्हा लिहिण्याची सवय काही पुरती सुटली नाही.

दरम्यान भाषाशास्त्रात चित्र बदलले होते. 1976 साली हॅलिडे आणि रुकैया हसन यांचे ‘कोहीजन इन इंग्लिश’ आले. हसन मूळच्या उत्तर प्रदेशातल्या प्रतापगडच्या. जोडशब्द वाक्यातल्या वाक्यात काय करतात यापेक्षा एका वाक्याचा मागच्या वाक्याशी काय संबंध सांगतात, याकडे या दोघांनी पाहिले: भर, विरोध, कारण आणि काळाचा क्रम. परदेशी शिक्षणासाठी द्यावी लागणारी आयईएलटीएस ही परीक्षा 1989पासून आहे. तिच्या लेखनाच्या गुणांत आज विचारांच्या सुसंगतीला आणि जोडणीला वेगळा वाटा असतो. मराठी विद्यार्थी तिथे पोहोचतो तो ‘मोअरओव्हर’, ‘फर्दरमोअर’, ‘हेन्स’ यांची यादी घोकून, आणि प्रत्येक परिच्छेदाच्या सुरुवातीला एकेक बसवतो. गंमत अशी, की त्या परीक्षेचे निकष जोडशब्दांच्या यांत्रिक आणि अति वापरालाही कमी गुण देतात. ‘हेन्स’ लिहिले, पण आधीच्या वाक्यातून पुढचे निघतच नसेल, तर परीक्षकाला ते लगेच दिसते. तेच वाक्य आधी मराठीत ‘म्हणून’ घालून म्हणून पाहिले असते, तर बहुधा विद्यार्थ्यालाही दिसले असते.