चार पावलांची परीक्षा

माणसाच्या एका पावलात 26 हाडे असतात. टाच आणि पावलाचा मधला भाग मिळून 7, चवड्यात 5 लांब हाडे आणि बोटांत 14 अशी त्यांची वाटणी असून, अंगठ्याच्या बुडाशी कंडरेत, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या चिवट पट्ट्यात, रुतलेली दोन लहान हाडे या गणतीत धरलेली नाहीत. मांडीचे किंवा दंडाचे हाड मोडले की अवयव वाकतो, लोंबतो, आणि काय झाले ते कोणालाही कळते; पावलात मात्र ही हाडे अस्थिबंधांनी, म्हणजे हाडाला हाडाशी बांधून ठेवणाऱ्या तंतूंनी, इतकी घट्ट आवळलेली असतात की एखादे तुटले तरी शेजारची हाडे त्याला बहुधा जागेवरच धरून ठेवतात. बाहेर दिसते ती सूज, आणि सूज नुसत्या लचकेतही तेवढीच येते. पाऊल मुरगळल्यावर घरोघरी दिला जाणारा दिलासा, की बोटे हलतात त्या अर्थी हाड शाबूत आहे, हा म्हणूनच खोटा आणि घातक आहे. बोटे हलवणारे मोठे स्नायू पोटरीत असतात आणि पावलातले हाड मोडलेले असतानाही ते आपले काम करू शकतात.

पावलाचे हाड मोडले की नुसते लचकले, या प्रश्नाचा अभ्यास करण्यासाठी लखनौ हे योग्य शहर आहे, कारण येथील एक थोर कला सर्वस्वी पावलांवर उभी आहे. नवाब वाजिद अली शाह यांच्या आश्रयाने बहरलेले लखनौ घराण्याचे कथक 1856 मध्ये नवाबी संपल्यावरही या शहरात टिकले. ज्या कैसरबागेत नवाबांचा परीखाना, म्हणजे नृत्यगायनाची शाळा, होता, तेथेच पंडित विष्णु नारायण भातखंडे यांनी 1926 मध्ये सुरू केलेले मॅरिस संगीत महाविद्यालय पुढे नांदले आणि आज ते भातखंडे संस्कृती विश्वविद्यालय म्हणून ओळखले जाते. श्रीकृष्ण रातंजनकर यांनी या संस्थेचे प्राचार्यपद दीर्घकाळ सांभाळले, मोहनराव कल्याणपूरकर यांनी तेथे कथक शिकवले, आणि कल्याणपूरकर व लखनौ घराण्याचे लच्छू महाराज या दोघांकडून विद्या घेऊन पुण्यात रोहिणी भाटे यांनी ती रुजवली. तेव्हा मराठी वाचकाला ही परंपरा परकी नाही. या नृत्यात तत्कार, म्हणजे तबल्याच्या बोलांबरहुकूम होणारा पदाघात, अनवाणी पायांनी आणि पूर्ण तळव्याने होतो, टाच वेगळी आपटली जाते, चकरा टाचेवर तोलून घेतल्या जातात, आणि शंभर-दीडशे घुंगरांचा भार प्रत्येक पायावर असतो. विलंबित लयीतून द्रुत लयीत जाताना तळव्याचे आघात दुपटीने, चौपटीने वाढतात. खालची जमीन लाकडी आणि किंचित दबणारी असेल तर हा धक्का तिच्यात जिरतो. फरशी किंवा सिमेंट असेल तर तो सगळा हाडांत शिरतो.

शहरातील एका सरकारी रुग्णालयाच्या अस्थिरोग बाह्यरुग्ण विभागात, जेथे लाकडी बाकांवर सकाळपासून माणसे दाटीने बसलेली असतात आणि ओल्या प्लास्टरचा चुनखडीसारखा वास गर्दीच्या घामात मिसळून राहतो, एका तरुण निवासी डॉक्टरची तपासणी दीर्घकाळ पाहिली असता एक गोष्ट ठळकपणे ध्यानात येते: क्ष-किरणाचा कागद लिहिण्यापूर्वी तो रुग्णाला चालायला सांगतो. 'चार कदम चलिए', एवढेच त्याचे म्हणणे असते. लंगडत चालले तरी चालते, भिंतीचा आधार मात्र घ्यायचा नाही. प्रत्येक पायावर दोनदा भार पडला की चार पावले पूर्ण होतात, आणि ती पूर्ण झाली का, तसेच इजा झाल्या क्षणी ती टाकता आली होती का, या दोन प्रश्नांच्या उत्तरांत निदानाचा मोठा भाग सामावलेला असतो.

ही चार पावले कोणा एकाच्या मर्जीची नाहीत. कॅनडातील ओटावा येथे इयान स्टिएल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1992 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून जे नियम पुढे आले, त्यांना ओटावा नियम म्हणतात. मुरगळलेल्या पायांचे क्ष-किरण चित्र सरसकट काढले जात असे आणि त्यांतील बहुतेकांत मोडलेले काहीच सापडत नसे. तेव्हा कोणाचे चित्र काढणे खरोखर आवश्यक आहे, हे हाताने ठरवता येईल का, असा त्यांचा प्रश्न होता. उत्तर आश्चर्य वाटावे इतके साधे निघाले. घोट्याच्या परिसरात दुखत असेल आणि आतील किंवा बाहेरील घोट्याच्या हाडाच्या मागच्या कडेवर, टोकापासून वर 6 सेंटिमीटरपर्यंत, दाबल्यावर दुखले; किंवा पावलाच्या मधल्या भागात दुखत असून करंगळीकडच्या लांब हाडाच्या बुडाशी अथवा आतल्या बाजूच्या नौकाकृती हाडावर दाबल्यावर दुखले; किंवा यांपैकी एखाद्या भागात दुखत असून इजा झाल्या क्षणीही आणि तपासणीच्या वेळीही चार पावले टाकता आली नाहीत, तर चित्र काढावे. यांपैकी काहीही नसेल तर अस्थिभंगाची शक्यता अगदी थोडी उरते. 2003 मध्ये 27 अभ्यास एकत्र तपासून केलेल्या परीक्षणात नियमांतून निसटणाऱ्या अस्थिभंगांचे प्रमाण 2 टक्क्यांहून कमी आढळले. ज्या देशात रुग्ण परगावाहून बसने येतो आणि क्ष-किरणाच्या रांगेत त्याचा अर्धा दिवस जातो, त्या देशात या नियमाचे मोल कॅनडापेक्षा अधिक आहे.

नियम पुस्तकात वाचणे निराळे आणि अंगठ्यात उतरवणे निराळे. हा डॉक्टर दुखऱ्या जागेला पहिल्यांदा कधीच हात लावत नाही. नडगीपासून सुरुवात करून तो खाली येतो, शाबूत हाडे आधी दाबतो, रुग्णाचा श्वास मोकळा झाला की पुढे सरकतो, आणि दाबताना त्याची नजर पावलावर नसून रुग्णाच्या चेहऱ्यावर असते. पावलाच्या बाहेरच्या कडेने टाचेकडून करंगळीकडे बोट फिरवले तर साधारण मध्यावर एक उंचवटा लागतो; तो करंगळीच्या लांब हाडाचा बुडखा होय. अस्थिबंध दुखावला असेल तर दुखणे घोट्याच्या पुढे व खाली, मऊ भागात पसरलेले असते आणि नेमके बोट ठेवून दाखवता येत नाही. हाड मोडले असेल तर ते अंगठ्याच्या पेराएवढ्या जागेत, थेट हाडावर, एकवटलेले सापडते. संशय उरला तर तो बोटाचे टोक धरून हाडाच्या लांबीच्या दिशेने हलकेच मागे रेटतो, कारण अशा रेट्याने मोडलेले लांब हाड कळ देते, नुसता मुका मार सहसा देत नाही.

या तपासणीच्या आधी एक काम असते, ज्याकडे घरी दुर्लक्ष होते, आणि ते म्हणजे पायातले दागिने उतरवणे. विवाहित स्त्रीच्या बोटातली जोडवी, ज्यांना लखनौत बिछिया म्हणतात, सूज चढण्याआधी निघाली नाहीत तर बोटाला फास बसतो. ती काढण्यास स्त्रिया कचरतात, सासूकडे पाहतात, पदर सावरतात. परिचारिका साबणाचे पाणी लावून, बोट वर धरून, हळूहळू फिरवत ती उतरवते आणि रुमालात बांधून त्या स्त्रीच्याच मुठीत देते. ज्या आदराने हे केले जाते तो वैद्यकीय कौशल्याचाच भाग मानला पाहिजे. नर्तकीच्या बाबतीत हीच गोष्ट घुंगरांना लागू होते. ते नेमके घोट्याच्या हाडांलगत बांधलेले असतात, म्हणजे ज्या 6 सेंटिमीटरांवर अंगठा फिरायचा तीच जागा ते झाकतात, आणि आवळून बांधल्यामुळे दुखऱ्या पायाला काही काळ खोटा आधारही देतात.

करंगळीच्या हाडाच्या बुडाशी होणाऱ्या एका अस्थिभंगाशी नृत्याचे नाते जुने आहे. लिव्हरपूलचे शल्यविशारद रॉबर्ट जोन्स यांचे स्वतःचे पाऊल नाचताना, टाच उचललेली असता बाहेरच्या कडेवर भार येऊन मोडले होते. 1902 मध्ये त्यांनी ही इजा व तशीच आणखी काही उदाहरणे प्रसिद्ध केली. रंटगेन यांनी 1895 मध्ये क्ष-किरण शोधून काढले नसते तर ही इजा लचक म्हणूनच राहिली असती. जोन्स यांचे नाव धारण करणारा हा भंग बुडख्यापासून जरा पुढे, जेथे रक्तपुरवठा तोकडा आहे अशा पट्ट्यात असतो, म्हणून तो सांधायला वेळ लागतो आणि कधी स्क्रू बसवावा लागतो. अगदी बुडख्याचा टवका निघाला असेल तर तो मात्र कडक तळव्याच्या पादत्राणात काही आठवड्यांत भरून येतो. एवढ्याशा अंतराने उपचार बदलतात.

काही खुणा पाहायच्या तर पाऊल उलटे करावे लागते, आणि घाईत हेच राहून जाते. पावलाच्या मधोमध, तळव्यावर काळानिळा डाग दिसला तर लिसफ्रांक सांध्याची, म्हणजे चवड्याची लांब हाडे मागच्या हाडांना जेथे मिळतात त्या जोडाची, इजा गृहीत धरून चालावे. या सांध्याला नेपोलियनकालीन फ्रेंच शल्यविशारद जाक लिसफ्रांक यांचे नाव आहे. झोपवून काढलेल्या चित्रात ही इजा निसटू शकते, तेव्हा रुग्णाला सोसवत असेल तर दोन्ही पायांवर उभे करून चित्र काढतात आणि दोन्ही पावलांतील फटी ताडून पाहतात. टाचेच्या हाडाची कथा याहून सोपी आहे: उंचावरून टाचेवर पडणे हेच बहुधा तिचे कारण. दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी, ज्याला येथे जमघट म्हणतात, लखनौचे आकाश पतंगांनी आणि छते माणसांनी भरतात. छतावरून पडलेल्याची टाच रुंद व सुजलेली दिसली तर कंबरेचे मणकेही तपासलेच पाहिजेत, कारण तोच धक्का वर चढत जातो.

आता या नियमाची मर्यादा. तो अकस्मात झालेल्या इजेसाठी, घोटा आणि पावलाचा मधला भाग एवढ्यासाठीच बांधलेला आहे. चवड्याच्या हाडांचा दांडा, बोटे आणि टाच त्याच्या कक्षेबाहेर राहतात. कथक शिकणारी मुलगी जेव्हा तपासणी खोलीत येते तेव्हा ती चार पावले सहज टाकते, कारण तिचे हाड एका क्षणात मोडलेले नसून थकून चिरलेले असते. प्रशियाचे लष्करी वैद्य ब्राइटहाउप्ट यांनी 1855 मध्ये लांब कूच करणाऱ्या सैनिकांच्या सुजलेल्या पावलांचे वर्णन केले. त्या सुजेमागे मोडलेले हाड आहे हे क्ष-किरणांनी 1897 मध्ये दाखवले. वारंवार भार पडला की शरीर आधी हाडाचा जुना भाग पोखरते आणि मग नवा भरते. या दोन कामांमधल्या काळात हाड दुबळे असते, आणि नेमक्या त्याच आठवड्यांत कार्यक्रम जवळ आला म्हणून रियाज दुप्पट झाला तर सूक्ष्म चीर जाते. कमी खाणे, अनियमित मासिक पाळी आणि ड जीवनसत्त्वाची उणीव तिला हातभार लावतात.

कधी दुखते, या प्रश्नाला अशा मुलीचे उत्तर एका साच्याचे असते. तत्कार सुरू केला की दुखते, थांबवला की राहते, मग रियाज संपल्यावरही ठणकते, मग रात्रीही. चवड्याच्या वरच्या बाजूस किंचित सूज, दुसऱ्या किंवा तिसऱ्या लांब हाडाच्या दांड्यावर अंगठ्याखाली एकच दुखरा ठिपका, आणि क्ष-किरणाचे चित्र पूर्ण स्वच्छ. पहिल्या दोन-तीन आठवड्यांत चित्र स्वच्छ असणे हा निर्दोषपणाचा पुरावा नव्हे. भरून येणाऱ्या नव्या हाडाची पांढरट कड त्यानंतरच दिसू लागते, आणि तोवर खात्री हवीच असेल तर एमआरआय करावा लागतो. त्या डॉक्टरने अशा एका विद्यार्थिनीला चार पावलांऐवजी दुखऱ्या पायाच्या चवड्यावर एकदा उडी मारायला सांगितले. ती उडी घेण्यापूर्वीच तिने त्याच्या बाहीला धरले, आणि त्याने पुढे आग्रह केला नाही. कागदावर संशयित अस्थिभंग असे लिहून टाकले. दुखणे सोसण्याला साधनेचे मोल देणाऱ्या परंपरेत वाढलेल्या मुलीच्या दृष्टीने हे लिहिले जाणे फार महत्त्वाचे आहे, कारण दुखते आहे हे गुरूला तोंडाने सांगण्याचे धैर्य तिच्यात नसते, कागद ते सांगतो.

याउलट, ज्याला दुखतच नाही त्याचे पाऊल सर्वांत धोक्यात असते. दीर्घकाळ मधुमेह असलेल्या माणसाच्या पायातील संवेदना बोथट झालेली असते; एक पाऊल दुसऱ्यापेक्षा गरम, लालसर आणि सुजलेले आहे, जखम मात्र कोठे नाही, अशा स्थितीत तो चार पावले नव्हे तर बाजारापर्यंत चालत जातो आणि आतील हाडे एकामागून एक ढासळत राहतात. त्याच्या बाबतीत अंगठ्याने दाबून विचारणे व्यर्थ असते, तेथे हाताच्या पाठीने दोन्ही पावलांची ऊब ताडून पाहावी लागते.

रुग्णालयात येण्यापूर्वी अनेकांनी पाय चोळून घेतलेला असतो. नस चढली आहे असे सांगून तेल लावून पाऊल ओढणारा पहलवान लखनौत जवळ आणि स्वस्त मिळतो, जसा महाराष्ट्रात हाडवैद्य मिळतो, आणि तो रुग्णाचा पाय हातात घेऊन बसतो, त्याला वेळ देतो, हे नाकारता येत नाही. पण मोडलेल्या हाडावर चोळणे म्हणजे तुटलेली टोके सरकवणे होय, आणि वर बांबूच्या पट्ट्या घट्ट बांधल्या तर रक्ताभिसरण थांबून पाऊल गमावण्याची वेळ येते. बोटे पांढरी किंवा गार पडणे, बधिर होणे, पाऊल वाकडे दिसणे, हाडाच्या टोकाने कातडी ताणली जाणे किंवा फाटणे, यांपैकी काही असेल तर चार पावलांची परीक्षा घेण्याचे कारणच नाही. पाय न चोळता, सैल आधार देऊन, उंच ठेवून तडक रुग्णालय गाठावे.

चवड्यातील थकव्याची चीर बहुधा सहा ते आठ आठवड्यांत भरते. या काळात नर्तकीला घुंगरू बंद असतात, नृत्य बंद नसते: बसून हाताने ताल देत पढंत, म्हणजे बोल तोंडाने म्हणणे, करता येते, आणि अभिनयाचा अभ्यासही चालू ठेवता येतो. पुढच्या भेटीत डॉक्टर पुन्हा त्याच ठिपक्यावर अंगठा ठेवतो. दुखले नाही तर विलंबित लयीत, घुंगरांशिवाय, मऊ जमिनीवर तत्कार सुरू करायला परवानगी मिळते. दुखले तर चित्रात हाड भरलेले दिसत असले तरी आणखी दोन आठवडे थांबावे लागते.