पास झालात? म्हणजे पैलतीराला लागलात!

सकाळचं पहिलं लेक्चर तुम्ही बुडवलंत. कँटीनमध्ये मित्राची उधारी बुडवायचा बेत करत होतात, तेवढ्यात निकाल लागल्याचा मेसेज आला. घाईघाईने लॉगिन केलंत, तर चक्क ‘उत्तीर्ण’! आनंदाला पारावार उरला नाही. संध्याकाळी मॅच लावली, आपल्या कर्णधाराने टॉस जिंकला आणि रात्री ग्रुपवर चर्चेला उधाण आलं.

आता खरं सांगा, दिवसभरात समुद्र पाहिलात का? होडीत पाय तरी ठेवलात का? नाही ना? तरीही वरच्या चार-पाच ओळींत बुडवणं, लॉगिन, उत्तीर्ण, पारावार, कर्णधार आणि उधाण असे सहा शब्द पाण्यावरचे आहेत. तुम्ही लातूरचे असा नाहीतर नागपूरचे, तोंड उघडलं की थोडं पाणी उडतंच. ते कुठून येतं, ते बघू या.

कर्णधार कुणाचा कान धरतो?

‘कर्ण’ म्हणजे कान. मग कर्णधार म्हणजे कान धरणारा? शाळेतल्या सरांना शोभेल असा अर्थ झाला हा! पण संस्कृतमध्ये ‘कर्ण’चा आणखी एक अर्थ आहे, सुकाणू. नावेच्या मागच्या टोकाला असतं ते. त्याला धरून नावेला दिशा देणारा तो कर्णधार. वल्हं मारणाऱ्यांची ताकद कितीही असो, नाव कुठे जाणार हे ठरवतो तो हाच. क्रिकेटच्या बातम्यांत रोज भेटणारा हा शब्द मुळात नावाड्याचा आहे. आणि कॉलेजच्या गॅदरिंगसाठी नेमतात ती ‘सुकाणू समिती’ही त्याच नावेतली.

गंमत म्हणजे तिकडे ग्रीकांनाही हेच सुचलं. सुकाणू धरणाऱ्याला ते ‘कुबेरनेतेस’ म्हणायचे. हा शब्द लॅटिनमध्ये जाऊन ‘गुबेरनारे’ झाला, म्हणजे नाव हाकणं आणि राज्य हाकणंही. त्यातून इंग्रजीत आले ‘गव्हर्नर’ आणि ‘गव्हर्न्मेंट’. पुढे १९४८ मध्ये नॉर्बर्ट वीनर या गणितज्ञाने यंत्रं आणि सजीव स्वतःवर नियंत्रण कसं ठेवतात, याच्या अभ्यासाला ग्रीक नावाड्यावरूनच ‘सायबरनेटिक्स’ हे नाव दिलं. तुमचं सायबर कॅफे, सायबर क्राइम, सायबर सिक्युरिटी ही सगळी त्याची नातवंडं. आयटीत असाल तर ‘कुबरनेटीज’ हे सॉफ्टवेअर माहीत असेलच. त्याच्या लोगोत जहाजाचं चाक आहे, ते उगाच नाही!

अलीकडचा काठ, पलीकडचा काठ

समुद्र लांब असला तरी नदी सगळ्यांच्याच वाटेत असते. पूल नव्हते तेव्हा पावसाळ्यात नदी ओलांडणं ही जिवावरची गोष्ट होती. त्या भीतीची आणि सुटकेची खूण आपल्या भाषेत जागोजागी आहे.

‘उत्तीर्ण’ म्हणजे पाणी ओलांडून वर आलेला. तुमच्या मार्कशीटवर छापलेल्या शब्दाचा अर्थ असा आहे: हा मुलगा बुडाला नाही, ही मुलगी पैलतीराला लागली. केटी लागलेल्याला हे पटकन कळेल. ज्या संस्कृत धातूपासून हा शब्द आला, त्याचेच तरणे आणि तारणे. तीर त्याचंच, आणि तीर्थही. तीर्थ म्हणजे मुळात नदी ओलांडायची जागा. बँकेच्या दारावर ‘सोनेतारण कर्ज’ लिहिलेलं असतं, त्यातलं ‘तारण’ही पैलतीराला नेणारंच, हप्ते भरले तर!

आता ‘पार’ घ्या. पार म्हणजे पलीकडचा काठ. त्या काठाला पोहोचलेला तो ‘पारंगत’. ज्याला पलीकडचा काठच नाही ते ‘अपार’. आणि ‘अवार’ म्हणजे अलीकडचा काठ. दोन्ही मिळून झाला ‘पारावार’. ‘आनंदाला पारावार उरला नाही’ म्हणजे ना हा काठ दिसतोय, ना तो. मधोमध फक्त पाणी!

‘अनुकूल’ आणि ‘प्रतिकूल’ तर आपण रोज वापरतो. ‘कूल’ म्हणजे काठ, उतार. उताराला धरून जातं ते अनुकूल, त्याच्या विरुद्ध जातं ते प्रतिकूल. इंटरव्ह्यूत आपण ज्या ‘ऑपॉर्च्युनिटी’बद्दल घडाघडा बोलतो, तीही अशीच. लॅटिनमध्ये ‘पोर्तुस’ म्हणजे बंदर. जहाजाला बंदराकडे नेणारा वारा तो ‘ओपोर्तुनुस’. वारा सुटला की शीड उभारायचं, नाहीतर बसा तिथेच. संधीची याहून चांगली व्याख्या कुठल्या मोटिव्हेशनल रीलमध्ये मिळणार?

बंदरावर उतरलेली मराठी

‘शुद्ध मराठी बोला’ असं कुणी दरडावलं की त्याला अलगद बंदरावर घेऊन जा. ‘सुकाणू’ आलं अरबी ‘सुक्कान’वरून. ‘बंदर’ फारसी. ‘नाखवा’ फारसी ‘नाखुदा’वरून आला, नाव आणि खुदा मिळून, म्हणजे नावेचा मालक. ‘सारंग’ फारसी ‘सरहंग’वरून. ‘खलाशी’ अरबी ‘खलास’वरून, ज्याचा मूळ अर्थ सुटका. ‘खेळ खलास’ म्हणता तोच हा शब्द. आणि ‘आरमार’ पोर्तुगीज ‘आर्माडा’वरून.

यात एक विचार करण्यासारखी गोष्ट आहे. शिवाजी महाराजांनी कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा ‘राज्यव्यवहारकोश’ करवून घेतला, हे आपण शाळेत शिकतो. पण दर्या, सारंग, सुकाणू, आरमार हे शब्द टिकलेच. महाराजांच्या आरमारातल्या मोठ्या हुद्द्याचं नावच होतं ‘दर्यासारंग’. १६७९ मध्ये खांदेरीच्या बेटासाठी इंग्रजांशी झुंज झाली, तेव्हा आरमाराच्या बाजूने मायनाक भंडारी होते आणि दौलतखानही. कोळी, भंडारी, मुसलमान खलाशी एकाच बोटीवर. वादळात दोर सोडायचा हुकूम आला की तो सगळ्यांना एका दमात कळायला हवा. शब्द कुठल्या घरचा आहे, हे विचारायला तिथे वेळ कुणाकडे होता?

काही शब्द तर दोनदा आले. अरबीत ‘मौसिम’ म्हणजे ठरावीक काळ, ऋतू. वारा ठरलेल्या महिन्यांत ठरलेल्या दिशेने वाहतो, हे जाणून अरबी समुद्रावरची जहाजं ये-जा करायची. तो शब्द फारसीच्या वाटेने आला आणि आपला ‘मोसम’ झाला. तोच पोर्तुगीजांनी उचलला, त्याचा ‘मोन्साव’ केला, आणि इंग्रजीतून तो आपल्याकडे ‘मान्सून’ होऊन परतला. आता आपण ‘यंदाच्या मोसमात मान्सून लांबला’ असं म्हणतो, म्हणजे एकाच वाक्यात एका घरचे दोन पाहुणे.

आणि वडापाव? त्यातला बटाटा पोर्तुगीज, पावही पोर्तुगीज. तो विकत घ्यायला लागणारा ‘पगार’सुद्धा पोर्तुगीजच. सगळं जहाजातून उतरलं. मराठी बाण्याचं म्हणून मिरवतो ते खाणंही निम्मं बंदरावरचं आहे, आणि त्यात लाजण्यासारखं काहीच नाही.

लॉगिन म्हणजे लाकडाचा ओंडका

हे ऐकायला विचित्र वाटेल, पण खरं आहे. जुन्या जहाजांना वेग मोजायचं यंत्र नव्हतं. खलाशी लाकडाचा एक तुकडा दोरीला बांधून मागे पाण्यात टाकायचे. तुकडा पाण्यावर थांबून राही, जहाज पुढे जाई आणि दोरी सुटत जाई. दोरीला ठरावीक अंतरावर गाठी मारलेल्या असत. अर्ध्या मिनिटाच्या आसपास चालणारं वाळूचं घड्याळ रिकामं होईपर्यंत किती गाठी हातातून गेल्या, ते मोजायचं. म्हणून जहाजाचा वेग आजही ‘नॉट’मध्ये, म्हणजे गाठींत मोजतात. एक नॉट म्हणजे ताशी १.८५२ किलोमीटर.

लाकडाच्या त्या तुकड्याला इंग्रजीत ‘लॉग’ म्हणतात. मोजलेला वेग ज्या वहीत लिहायचे ती ‘लॉगबुक’. पुढे कुठलीही नोंद म्हणजे ‘लॉग’ झाली, आणि कॉम्प्युटरवर आपली नोंद करून आत जाणं म्हणजे ‘लॉगिन’. पासवर्ड विसरलात की चिडू नका. तुम्ही फक्त एक ओंडका समुद्रात टाकताय.

थांबा, सगळंच खरं नसतं!

अशा गोष्टी रंगवून सांगायला सगळ्यांनाच आवडतं, आणि तिथेच फसगत होते. ‘पॉश’ हा शब्द बोटीच्या तिकिटावरून आला, असं कुणीतरी तुम्हाला ऐकवलं असेल. हिंदुस्थानला येताना डावीकडची आणि परतताना उजवीकडची केबिन श्रीमंतांची, त्या चार इंग्रजी शब्दांची आद्याक्षरं म्हणजे पॉश, वगैरे. किस्सा झकास आहे, पण त्याला पुरावा नाही. तशी अक्षरं छापलेलं एकही तिकीट सापडलेलं नाही.

मग तपासायचं कसं? मराठीपुरतं सोपं आहे. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ मध्ये आला, त्याची सुधारलेली आवृत्ती १८५७ मध्ये. तो आज इंटरनेटवर फुकट वाचता येतो. शब्द अरबी की फारसी की पोर्तुगीज, हे तिथे अनेकदा शब्दापुढेच दिलेलं असतं. कृ. पां. कुलकर्णींचा ‘मराठी व्युत्पत्ति कोश’ लायब्ररीत मिळेल. पुढच्या वेळी ग्रुपवर ‘या शब्दाचा खरा अर्थ वाचून थक्क व्हाल’ असा फॉरवर्ड आला की आधी तिथे बघा.

उधाण आपण घेतलं, भांग विसरलो

शेवटी एक गोष्ट जरा गंभीरपणे.

उधाण म्हणजे मोठी भरती. अमावास्या आणि पौर्णिमेच्या सुमारास सूर्य, चंद्र, पृथ्वी एका रेषेत येतात आणि पाणी नेहमीपेक्षा वर चढतं. पेपरांनी हा शब्द उचलला. चर्चेला उधाण, उत्साहाला उधाण, अफवांना उधाण. पण त्याचा जोडीदार ‘भांग’ मात्र किनाऱ्यावरच राहिला. भांग म्हणजे अष्टमीच्या आसपासची लहान भरती-ओहोटी. किनाऱ्यावरच्या कुठल्याही मच्छीमाराला विचारा, त्याचा महिनाच उधाण आणि भांग यांत विभागलेला असतो.

त्यांच्याकडे एक हिशेबही आहे. तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ मिळते. चतुर्थी असेल तर चार पाऊणे तीन, म्हणजे तीनच्या सुमारास भरती. अष्टमीला आठ पाऊणे सहा. दुपारची काय, रात्रीची काय, वेळ साधारण तीच. त्यानंतर सहा तासांनी ओहोटी. अलिबागच्या कुलाबा किल्ल्यात ओहोटीला चालत जाता येतं. चतुर्थीला जायचं तर सकाळी नऊच्या सुमाराला पाणी सर्वांत खाली असेल, आणि दुपारी त्याच वाटेवर समुद्र असेल. हा हिशेब ढोबळ आहे. जायच्या आधी भरती-ओहोटीचा तक्ता बघा आणि तिथल्या माणसाला विचारा.

हे कशासाठी सांगतोय? कारण दर वर्षी कोकणातल्या बीचवर पिकनिकला गेलेल्या कुठल्या ना कुठल्या ग्रुपची वाईट बातमी येते. पोहता येणारी, तुमच्याच वयाची मुलं. उधाणाच्या दिवसांत पाणी जसं जास्त चढतं तसंच जास्त उतरतं, आणि उतरताना जोरात आत ओढतं. ‘आज उधाण हाय, आत जाव नुको’ असं किनाऱ्यावरचा कुणी काका ओरडून सांगतो. आपल्याला त्यातलं ‘हाय’ आणि ‘नुको’ ऐकू येतं, आपण हसतो आणि पुढे जातो. उधाण हा शब्द आपल्या तोंडी इतका गुळगुळीत झालाय की त्यात पाणी आहे, हेच आठवत नाही.

तुमच्या वर्गात एखादा तांडेल असेल, एखादी नाखवा किंवा सारंग. ही आडनावं बोटीवरच्या हुद्द्यांची आहेत. कर्णधार आणि सुकाणू समिती ज्यांच्या कामातून आले, त्यांच्या घरच्या बोलीला आपण ‘गावठी’ म्हणतो, आणि मग ती मुलं कॉलेजात ती बोलायचं टाळतात. आजीकडे वाऱ्यांची, माशांची, दोरांची नावं असतात. नातवाकडे जीपीएस असतं. मधल्या मधे शब्द बुडतात, आणि त्यांच्याबरोबर त्यांतलं शहाणपणही.

तेव्हा पुढच्या वेळी त्या मित्राच्या घरी सुकटीची चटणी खायला जाल, तेव्हा आजीला एवढंच विचारा, “आज उधाण की भांग?” ती आधी तुमच्याकडे बघेल. मग बोलायला लागेल. तेव्हा मोबाइल काढा आणि लिहून घ्या.

हे एक लेक्चर मात्र बुडवू नका.