दोन इंधनं, एक हवा

नुसत्या डिझेलवर चालणाऱ्या इंजिनात हवेचा हिशेब सहसा कोणी मांडत बसत नसे. सिलिंडरमध्ये मावेल तेवढी हवा येई, भार पाहून गव्हर्नर डिझेल कमी-जास्त करी आणि धूर काळा पडला नाही म्हणजे हवा पुरली, असं समजायचं. खुद्द रुडॉल्फ डिझेलने मात्र आणखी एक वाट दाखवून ठेवली होती. त्याला १९०१ साली अमेरिकेत मिळालेल्या पेटंटात, सहजी न पेटणारा वायू हवेबरोबर दाबायचा आणि चटकन पेटणाऱ्या दुसऱ्या इंधनाने त्याला आग लावायची, ही रीत आहे. ब्रिटनच्या नॅशनल गॅस अँड ऑइल इंजिन कंपनीने १९३९ मध्ये तसं इंजिन बाजारात आणलं. महायुद्धातल्या टंचाईत ही रीत उपयोगी पडली आणि पुढे तेल स्वस्त झाल्यावर मागे पडली.

आपल्याकडे तिचा खरा काळ म्हणजे तेलाच्या किमतींच्या भडक्यानंतरचं १९८० चं दशक. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेच्या मंडळींनी कर्नाटकात पुरा गावी शेणाच्या गॅसवर आणि होसहळ्ळीत लाकडाच्या गॅसवर डिझेल इंजिनं चालवून वीज दिली. फलटणला निंबकर कृषी संशोधन संस्थेत अनिल राजवंशी आणि सहकाऱ्यांनी ३.७५ किलोवॅटच्या पंपसेटला लाकडाचा गॅसिफायर जोडला. त्या अनुभवावरचा त्यांचा लेख १९८९ मध्ये छापून आला. या कामाचं मोल मला फार वाटतं, कारण शेतकऱ्याच्या विहिरीवर असतं तसलंच इंजिन घेऊन त्यांनी एकाच हवेत दोन इंधनं जाळण्याचा प्रश्न सोडवायला घेतला होता.

तो प्रश्न आकड्यांत पाहू. इंजिन ५ हॉर्सपॉवरचं, ५५३ घन सेंटिमीटरचं, १५०० फेऱ्यांचं. चार स्ट्रोकचं असल्याने ते मिनिटाला ७५० वेळा हवा ओढतं. सिलिंडर ८५ टक्के भरतो असं धरलं तर तासाला सुमारे २१ घनमीटर, म्हणजे २४ किलो हवा. पूर्ण भाराला डिझेल ०.९ किलोच्या आसपास. हवा-इंधन गुणोत्तर झालं साधारण २७. एक किलो डिझेल पुरतं जळायला १४.५ किलो हवा लागते, म्हणजे गरजेच्या १.८ पट हवा आहे. हा पट म्हणजेच लॅम्डा.

आता ८० टक्के डिझेल वाचवायचं. उरलं ०.१८ किलो. बाकीची उष्णता लाकडाच्या गॅसमधून घ्यायची, तर कार्यक्षमता तीच धरूनही तासाला सुमारे ७ किलो गॅस लागतो. हा गॅस हवेच्याच वाटेने आत शिरतो आणि तिची जागा खातो, त्यामुळे हवा उरते १६-१७ किलो. भागाकार केला तर गुणोत्तर येतं २.३! २७ वरून २.३ म्हटल्यावर इंजिन गुदमरलं असंच कोणालाही वाटेल. पण लाकडाच्या गॅसला किलोमागे हवा लागते जेमतेम १.२ किलो. दोन्ही इंधनांची गरज वेगवेगळी काढून बेरीज केली तर ती ११ किलो भरते आणि लॅम्डा १.५ निघतो. प्रत्यक्षात कार्यक्षमता घसरते, गॅस आणखी लागतो, हवा आणखी आक्रसते. म्हणून अशा इंजिनाची ताकद कमी धरावी लागते.

इंधनांच्या वजनांची सरळ बेरीज करून हवेला तिने भागणं इथे निरर्थक आहे. मिथेनला किलोमागे १७.२ किलो हवा लागते, पण ४० टक्के कार्बन डायऑक्साइड असलेल्या गोबरगॅसला ६ किलोच पुरते.

त्या काळी हवा मोजायची ती ऑरिफिस आणि पाण्याच्या मॅनोमीटरवर, डिझेल ब्युरेट आणि स्टॉपवॉचवर. काम वेळखाऊ होतं, पण प्रत्येक इंधन स्वतंत्रपणे मोजलं जाई. पुढे एक्झॉस्टमधला ऑक्सिजन ओळखणारे सेन्सर आले. त्यांच्यासोबतचे बरेचसे मीटर लॅम्डाला पेट्रोलच्या १४.७ ने गुणून ‘गुणोत्तर’ दाखवतात. वरच्या इंजिनाला तसा मीटर लावला तर तो २२ म्हणेल, आणि तो आकडा डिझेलचाही नाही नि गॅसचाही नाही. लॅम्डा वाचावा, हे माझं ठाम मत.

मोठ्या इंजिनांत हा हिशेब आणखी काटेकोर झाला. वार्टसिला कंपनीने १९९० च्या दशकात आणलेल्या अशा इंजिनांत पेटवण्यापुरतं डिझेल एकूण ऊर्जेच्या एक टक्क्याच्या आसपास असतं आणि लॅम्डा सुमारे २.२ ठेवतात. हवा कमी झाली की इंजिन नॉक करतं, जास्त झाली की मिसफायर होतं.

कमी भाराचं दुखणं मात्र जुनंच आहे. कॅनडात कॅलगरी विद्यापीठात गाझी करीम यांनी अशा ज्वलनावर कित्येक दशकं काम केलं. भार उतरला की आत येणारा गॅस कमी होतो, हवा तेवढीच राहते. गॅस इतका विरळ होतो की डिझेलच्या फवाऱ्याजवळचा तेवढा जळतो, लांबचा तसाच एक्झॉस्टमधून निघून जातो. म्हणून एकूण लॅम्डाशिवाय एकट्या गॅसचाही लॅम्डा वेगळा काढावा लागतो. गॅसमधून असं निसटलेलं मिथेन शंभर वर्षांच्या हिशेबात कार्बन डायऑक्साइडच्या पंचवीस पटींहून अधिक तापवतं. गॅसवर इंजिन चालवून डिझेल किती वाचलं हे सांगणाऱ्याने अर्ध्या भाराला एकट्या गॅसचा लॅम्डा किती होता, तेही सांगायला हवं.