पुसलेली राणी

शीळफाट्याला गाडी एकदा अडकली की वीस-पंचवीस पाने सहज वाचून होतात, हा माझा नेहमीचा अनुभव. परवा कल्याणहून पुण्यास जाताना मांडीवर ‘तारीफ-इ-हुसेनशाही’ उघडे होते. शेजारी बसलेल्या गृहस्थांनी त्यातल्या चित्रावर बोट ठेवून विचारले, “मास्तर, छपाई बिघडली की काय?”

छपाई बिघडलेली नव्हती. सिंहासनावर सुलतान बसला आहे आणि त्याच्या शेजारची आकृती कुणीतरी मुद्दाम रंग फासून झाकली आहे. ती आकृती राणीची!

अहमदनगरचा हुसेन निजामशहा म्हणजे १५६५ साली विजयनगरच्या रामरायाचा पाडाव करणाऱ्या सुलतानांपैकी एक. त्याच्या गौरवार्थ आफताबी नावाच्या कवीने हे फार्सी काव्य रचले. त्याची सचित्र पोथी पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात आहे. चित्रे बारा उरली आहेत. मंडळानेच १९८७ साली कुलकर्णी आणि माटे या विद्वानांकडून ती संपादून घेऊन छापली. दख्खनी चित्रकलेचा अभ्यास करणाऱ्याला या पोथीपाशी थांबल्यावाचून पुढे जाताच येत नाही.

काव्य सुलतानाचे, पण कवी राणीच्या रूपाचेही मोकळेपणाने वर्णन करतो आणि चित्रकार तिला भर दरबारात पतीच्या शेजारी बसवतो. दरबारी चित्रांत हे फार विरळा. हुसेन त्याच साली वारला. मुलगा मुर्तजा लहान, म्हणून खुंजा हुमायून या राणीने कारभार हाती घेतला. पुढे १५६९ मध्ये त्याच मुलाने तिला कैदेत टाकले. बहुतेक चित्रांतली राणी त्यानंतरच पुसली गेली असावी, असा अभ्यासकांचा तर्क आहे.

मला स्वतःला मात्र वेगळ्याच एका चित्राने खिळवून ठेवले. त्यात एका तरुणीच्या स्पर्शाने झाड फुलते आहे. हा तर आपला दोहद! सुंदरीच्या लत्ताप्रहाराने अशोक फुलावा, ही कल्पना कालिदासाच्या ‘मालविकाग्निमित्रा’त आहे, आणि आपल्या घरोघरचे ‘डोहाळे’ याच शब्दातून आले. इराणी वळणाच्या पोथीत, फार्सी ओळींच्या सोबतीने, चोळी ल्यालेल्या बायकांमध्ये ही संस्कृत काव्यातली कल्पना खुशाल येऊन बसली आहे. चित्रकाराला कुणी ‘हे आमचे, ते तुमचे’ असे बजावलेले दिसत नाही. वर्गात डोहाळ्यांची व्युत्पत्ती मी वर्षानुवर्षे सांगत आलो, पण तिचे चित्र निजामशहाच्या घरी सापडेल असे स्वप्नातही आले नव्हते.

“आणि निजामशाही काही लांबची नव्हे,” मी त्या गृहस्थांना म्हटले. “१६३६ च्या तहात आदिलशहाकडे जाईपर्यंत हा कल्याणचा मुलूख तिचाच होता.”

त्यांना मुलखाशी कर्तव्य नव्हते. “राणीला मुलगी होती का हो?”

“होती. चांदबिबी.”

अकबराच्या फौजेपुढे १५९५-९६ साली अहमदनगरचा किल्ला लढवणारी चांदबिबी त्यांनी शाळेत वाचली होती. आई त्यांना ठाऊक नव्हती. खरे सांगायचे तर मलाही ती चाळिशी उलटल्यावरच कळली. त्यांनी पुस्तक माझ्या हातून घेतले, चष्मा पुसला आणि त्या फासलेल्या रंगाकडे बराच वेळ पाहत राहिले. गाड्या हलल्या, पनवेलचा रस्ता लागला, तरी पुस्तक काही परत आले नाही.