काल्क्याचं वर्कशॉप

चंदीगडहून शिमल्याकडे निघालं की पाऊण तासात काल्का लागतं. इथल्या स्टेशनात ब्रॉडगेज संपतो आणि 762 मिलिमीटरचा नॅरोगेज सुरू होतो. काल्का-शिमला मार्ग 9 नोव्हेंबर 1903 रोजी खुला झाला. बांधणी दिल्ली-अंबाला-काल्का रेल्वे कंपनीची. खर्च अंदाजाबाहेर गेला, कंपनी रडकुंडीला आली आणि 1906मध्ये सरकारने मार्गच विकत घेतला.

रूळ आधी दोन फुटी ठरले होते. लष्कराच्या आग्रहाने ते अडीच फुटी झाले, म्हणजे 1897च्या आपल्या बार्शी लाइट रेल्वेच्या मापाचे!

96 किलोमीटरमध्ये नऊशेच्या वर वळणं, चढ तेहतिसात एक. वळणावर चाकाची कड रुळाला घासते, झिजून पातळ होते. मग डबा काल्क्याच्या वर्कशॉपमध्ये येतो, त्याखालची चाकांची बोगी सुटी होते, चाकं लेथवर चढतात. काचेच्या छताचे नवे डबे मात्र कपूरथळ्याच्या कारखान्यात घडले.

1905चं ‘केसी 520’ हे वाफेचं इंजिन खास फेऱ्यांसाठी अजून धूर सोडतं. माथेरानच्या गाडीचे भाग इथे मागू नका; तिचा गेज दोन फुटीच आहे.