बळ केव्हा वापरायचं?
2009 साली आलेल्या ‘लीग ऑफ लेजंड्स’ या ऑनलाइन खेळात पाच-पाच जणांचे दोन संघ एकमेकांचा तळ पाडायला झुंजतात. बोटं कितीही चपळ असोत, आपलं पात्र भरात केव्हा येतं हे ज्याला उमगतं, त्याचंच पारडं जड होतं. केल हे पात्र पाहा. सुरुवातीला साध्या वारासाठीही तिला शत्रूला भिडावं लागतं. सहाव्या लेव्हलला ती दुरून मारू लागते, अकराव्या लेव्हलनंतर तिच्या वारांतून आगीच्या लाटा निघतात आणि सोळाव्यानंतर ती सहसा आवरत नाही. रेनेक्टन या दुसऱ्या पात्राचा जोर मात्र सुरुवातीलाच. त्यामुळे त्याने तिला लवकर दाबायचं आणि तिने तोवर जीव सांभाळून तग धरायचा. खेळात मिळणाऱ्या सोन्याचंही तसंच. तळावर परतून शस्त्र घेईपर्यंत साठवलेल्या सोन्याने ताकद तसूभरही वाढत नाही.

कुणी म्हणेल, कौशल्य असेल तर वेळ कशाला बघायची? पण खेळाडू तुल्यबळ असले की निकाल वेळ ओळखण्यातल्या फरकावरच लागतो. सामना ठरल्याप्रमाणे जात नाही, हा आक्षेपही रास्त आहे. म्हणूनच घड्याळावर विसंबू नये. आपली आणि प्रतिस्पर्ध्याची लेव्हल आणि खरेदी पाहून भिडावं. वेळ ओळखणं हे कौशल्याचंच अंग आहे.