चित्राशेजारची चिठ्ठी

शिकागोच्या आर्ट इन्स्टिट्यूटमध्ये एका कोपऱ्यात गोळ्यांचा ढीग रचलेला असतो. लाल, निळ्या, हिरव्या, सोनेरी चकचकीत कागदांत गुंडाळलेल्या, कुठल्याही दुकानात मिळतील अशा गोळ्या. शेजारच्या भिंतीवर तळहाताएवढी चिठ्ठी. कलाकार : फेलिक्स गोन्झालेझ-तोरेस. साल : १९९१. कलाकृतीचं नाव ‘अनटायटल्ड’, आणि पुढे कंसात ‘लॉस एंजेलिसमधल्या रॉसचं व्यक्तिचित्र’. माध्यम : रंगीबेरंगी कागदांतल्या गोळ्या, अखंड पुरवठा. मापं : मांडणीनुसार बदलती. आदर्श वजन : १७५ पौंड.

ही चिठ्ठी सावकाश वाचावी लागते. ‘अखंड पुरवठा’ म्हणजे पाहुण्यांनी ढिगातली गोळी उचलावी, तोंडात टाकावी, आणि ढीग उतरला की संग्रहालयाने तो पुन्हा भरावा. ‘मापं बदलती’ म्हणजे ढीग कोपऱ्यात रचा किंवा भिंतीलगत पसरा, दोन्ही चालेल. आणि १७५ पौंड, म्हणजे साधारण ७९ किलो, हे धडधाकट पुरुषाचं वजन. रॉस हा कलाकाराचा जोडीदार. १९९१ मध्येच तो एड्सने गेला. त्या आजारात माणूस दिसामासाने झिजत जातो. इथे ढीग झिजतो. आणि झिजवणारे आपण, गोळी चघळत पुढच्या दालनात निघालेले. व्यक्तिचित्र म्हटल्यावर डोळे चेहरा शोधू लागतात, पण या व्यक्तिचित्रात चेहऱ्याच्या जागी वजन आहे, आणि ते वजन फक्त चिठ्ठीवर लिहिलेलं आहे.

त्या चिठ्ठीची ताकद २०२२ साली उघड दिसली. संग्रहालयाने सोबतचा खुलासा बदलला होता. रॉस आणि एड्स यांचा उल्लेख गेला, उरल्या वजनाबद्दलच्या चार निर्विकार ओळी. गोळ्या त्याच होत्या, कोपरा तोच होता. तरी लोक खवळले. रॉसलाच पुसून टाकलंत, असा आरोप झाला. अखेर तो मजकूर पुन्हा दुरुस्त करावा लागला. गोळीला कुणी हात न लावता कलाकृती बदलली होती, हे सगळ्यांनाच कळलं.

आधुनिक कलेच्या भाषेची आपण बहुतेक वेळा टिंगलच करतो, आणि त्या टिंगलीला कारणंही आहेत. पण ही भाषा नुसती बाहेर उभी राहून कलेचं वर्णन करत नाही. ती कलेच्या आत शिरलेली असते, रंग किंवा दगड शिरावा तशी. ती कशी शिरली, याची गोष्ट मला कुठल्याही चित्राइतकीच थरारक वाटते.

राजा रविवर्म्याची शकुंतला पायातला काटा काढण्याचं निमित्त करून मागे वळून का पाहते, हे सांगायला चिठ्ठी लागत नाही. गोष्ट आपल्याला आधीच ठाऊक असते. ठाऊक गोष्टी आणि ओळखीचे आकार चित्रातून निघून जाऊ लागले तशी शब्दांना जागा मिळाली. सुरुवातीचे शब्द तर चक्क शिव्या होत्या. १८७४ मध्ये मोनेचं धुक्यातल्या सूर्योदयाचं चित्र पाहून लुई लरुआ या पॅरिसच्या पत्रकाराने ‘इम्प्रेशन’ या शब्दावरून खिल्ली उडवली, आणि इम्प्रेशनिझम जन्माला आला. १९०५ मध्ये लुई व्होसेल या समीक्षकाने मातिस आणि मंडळींना ‘फोव्ह’, म्हणजे रानटी जनावरं म्हटलं. त्याच गृहस्थाने १९०८ मध्ये ब्राकच्या चित्रांत नुसते ठोकळे दिसतात अशी तक्रार केली आणि क्युबिझमला नाव मिळालं. एका माणसाच्या नापसंतीतून कलेच्या इतिहासाची दोन प्रकरणं निघाली! पुढे चित्रकार सावध झाले आणि नावं आपसातच ठेवू लागले. काल्डरच्या हलत्या शिल्पांना ‘मोबाइल’ हे नाव १९३१ मध्ये दिलं मार्सेल द्यूशाँने.

हाच द्यूशाँ १९२६ च्या ऑक्टोबरात एका बोटीने न्यूयॉर्कला उतरला. सोबत मित्राची शिल्पं होती. मित्र म्हणजे पॅरिसमध्ये राहणारा रोमानियन शिल्पकार कॉन्स्टँटिन ब्रांकुशी. शिल्पांत साधारण साडेचार फूट उंचीचा, आरशासारखा घासलेला ब्राँझचा एक निमुळता आकार होता. त्याला डोकं नाही, पाय नाहीत, एक पीस नाही. नाव मात्र ‘अवकाशातला पक्षी’. छायाचित्रकार एडवर्ड स्टायकेनने तो विकत घेतला होता.

अमेरिकेच्या १९२२ च्या कायद्यानुसार अस्सल शिल्पावर जकात नव्हती. जकात अधिकाऱ्यांनी त्या आकाराकडे पाहिलं आणि तो ‘स्वयंपाकघरातली भांडी व रुग्णालयातील साहित्य’ या सदरात टाकला. जकात ४० टक्के. ब्रांकुशी कोर्टात गेला.

त्या खटल्याची कागदपत्रं उत्तम फार्सइतकी करमणूक करतात. सरकारच्या बाजूला १९१६ चा एक निकाल होता : शिल्प म्हणजे निसर्गातल्या वस्तूंची, मुख्यतः मानवी देहाची, हुबेहूब प्रतिकृती. स्टायकेनला विचारण्यात आलं, याला तुम्ही काय म्हणता? शिल्पकार म्हणतो तेच, पक्षी. रानात दिसला असता तर गोळी झाडली असती का? नाही. पुढचा प्रश्न, एखाद्या चांगल्या कारागिराने पितळी नळी अशीच घासूनपुसून दिली तर? ती घासता येईल, एका साक्षीदाराने सांगितलं, पण हा आकार त्याला सुचणार नाही. शिल्पकार जेकब एपस्टाइन यांनी तर प्राचीन इजिप्तमधला एक दगडी ससाणाच पुरावा म्हणून कोर्टात आणला. त्यालाही पिसं नव्हती आणि पायही नव्हते, आणि तरी तो पक्षी असल्याबद्दल कुणाला शंका नव्हती.

२६ नोव्हेंबर १९२८ ला निकाल ब्रांकुशीच्या बाजूने लागला. न्यायालयाने म्हटलं त्याचा आशय असा : निसर्गाची नक्कल करण्याऐवजी अमूर्त कल्पना साकार करू पाहणारा एक नवा कलासंप्रदाय वाढत आहे, आम्हाला तो पटो न पटो, त्याचं अस्तित्व नाकारता येणार नाही. म्हणजे स्टुडिओत आणि कॅफेत फिरणारी ‘अमूर्त’ची भाषा त्या दिवशी सरकारी दप्तरात रुजू झाली. त्यानंतर काही वर्षांतच इंदूरच्या यशवंतराव होळकरांनी या पक्ष्याची तीन रूपं विकत घेतली : एक ब्राँझचं, एक काळ्या संगमरवराचं, एक पांढऱ्या. त्यांच्यासाठी इंदुरात एक ध्यानमंदिर बांधायची योजना होती. १९३८ च्या सुरुवातीला ब्रांकुशी स्वतः इंदूरला येऊन गेला. मंदिर झालं नाही, आणि दोन्ही संगमरवरी पक्षी आता ऑस्ट्रेलियात कॅनबेराच्या नॅशनल गॅलरीत आहेत. ते मंदिर उभं राहिलं असतं तर काय, हा विचार इंदूरच्या रस्त्यांवर माझी पाठ सोडत नाही.

ब्रांकुशीच्या वेळी शब्द कलाकृतीच्या मागून धावत होते. चाळीसेक वर्षांनी ते पुढे झाले. अमेरिकन चित्रकार सोल लेविट याने १९६७ मध्ये ‘आर्टफोरम’ मासिकात कल्पनाप्रधान कलेवर लेख लिहिला. कल्पना ठरली की महत्त्वाचं काम झालं, हात कुणाचाही चालेल, असं त्याचं सांगणं. पुढच्याच वर्षापासून तो भिंतीवर रेखाटनं करू लागला आणि ती सूचना लिहून दुसऱ्यांकडून करून घेऊ लागला. १९७० मध्ये त्याची जिवलग मैत्रीण, शिल्पकार इव्हा हेस, चौतिसाव्या वर्षी गेली. तिच्या आठवणीत केलेल्या रेखाटनाची सूचना एवढीच : उभ्या रेषा, सरळ नसलेल्या, एकमेकींना न टेकणाऱ्या, भिंतभर सारख्या पसरलेल्या. शोक हा शब्द त्यात नाही. लेविटच्या कामात तोवर सरळ रेषांचंच राज्य होतं. वाकड्या रेषा हेसच्या.

अशी कलाकृती विकत घेणाऱ्याला मिळतं एक प्रमाणपत्र आणि एक आकृती. घर बदललं की जुनी भिंत रंगवून टाकायची, नव्या भिंतीवर पुन्हा काढून घ्यायचं. बंदिशीचं जसं असतं तसंच हे : वहीत चार ओळी, आणि गाणाऱ्यागणिक निराळा विस्तार. लेविट २००७ मध्ये वारला. पुढच्या वर्षी मॅसॅच्युसेट्समधल्या ‘मास मोका’ संग्रहालयात त्याची १०५ भित्तिरेखाटनं खुली झाली, शब्दांवरून तरुण हातांनी काढलेली.

शब्दांचा हा पूर चालू असताना आपल्याकडे एक माणूस त्यांना दाराबाहेर उभं करत होता. चित्रकार वासुदेव गायतोंडे, नागपूरचा जन्म, मुंबईच्या जे. जे.मधलं शिक्षण. ‘ॲबस्ट्रॅक्ट’ हे लेबल त्यांना मान्य नव्हतं. अमूर्त करायला आधी काहीतरी मूर्त लागतं, आणि त्यांच्या चित्राची सुरुवात तिथून होतच नव्हती. ‘नॉन-ऑब्जेक्टिव्ह’ हा शब्द त्यांना त्यातल्या त्यात चाले. बहुतेक चित्रांना त्यांनी नावंच दिली नाहीत. त्यामुळे लिलावाच्या सूचीत त्यांची चित्रं ‘अनटायटल्ड’ आणि साल एवढ्यावर ओळखली जातात. गोन्झालेझ-तोरेसचं ‘अनटायटल्ड’ कंसात एक नाव जपून ठेवतं; गायतोंड्यांच्या ‘अनटायटल्ड’ला कंसच नाही.

आता टिंगलीकडे. २०१२ मध्ये समाजशास्त्रज्ञ ॲलिक्स रूल आणि कलाकार डेव्हिड लेव्हीन यांनी ‘इ-फ्लक्स’ या जगभरच्या प्रदर्शनांची निवेदनं पाठवणाऱ्या सेवेचा तेरा वर्षांचा मजकूर संगणकाला चाळायला दिला. या बोलीला त्यांनी नाव दिलं ‘इंटरनॅशनल आर्ट इंग्लिश’. साधी विशेषणं तिथे ओढूनताणून भाववाचक नामं होतात, प्रत्येक वस्तू कशाला तरी ‘प्रश्न विचारते’, आणि ‘द रिअल’ हा प्रयोग नेहमीच्या ब्रिटिश इंग्रजीपेक्षा सुमारे १७९ पट अधिक आढळतो. त्यांच्या मते या बोलीचं एक मूळ न्यूयॉर्कच्या ‘ऑक्टोबर’ या १९७६ मध्ये निघालेल्या नियतकालिकात आहे. तिथे फ्रेंच तत्त्वज्ञांची भाषांतरं छापून येत, आणि फ्रेंच वाक्यांची वळणं इंग्रजीत तशीच राहून गेली.

लेख गाजला, लोक पोट धरून हसले. हितो स्टायर्ल या जर्मन कलावतीला मात्र हसू आलं नाही. तिने विचारलं, ही निवेदनं लिहितं कोण? बऱ्याचदा नाममात्र मानधनावर राबणारे उमेदवार, आणि इंग्रजी ज्यांची मातृभाषा नाही असे लोक. मग त्यांच्या व्याकरणाला हसायचं ते कुठल्या उंचीवरून? मला तिचं बोलणं पटतं, पण म्हणून ती निवेदनं वाचवत नाहीत. आपल्याकडच्या प्रदर्शनांच्या माहितीपत्रकांतही ‘अवकाश’ आणि ‘आकृतिबंध’ यांची अशीच गर्दी असते. दुसरी वाटही मराठीत आहे : प्रभाकर बरवे यांचं ‘कोरा कॅनव्हास’ हे पुस्तक. स्वतः चित्र काढणारा माणूस एखादी वस्तू चित्रात शिरते तेव्हा तिचं नेमकं काय होतं हे सांगतो, आणि जड शब्द आलाच तर त्याला काम देऊन आणतो.

जकातवाले मात्र गप्प बसलेले नाहीत. २००६ मध्ये लंडनच्या एका गॅलरीने अमेरिकेतून डॅन फ्लॅव्हिनची प्रकाशशिल्पं आणि बिल व्हायोलाच्या व्हिडिओ कलाकृती आणल्या. फ्लॅव्हिनचं बहुतेक काम बाजारात मिळणाऱ्या फ्लुरोसंट नळ्यांचं. शिल्प ठरलं तर मूल्यवर्धित कर ५ टक्के, नाहीतर पूर्ण दराने. ब्रिटनमध्ये गॅलरी जिंकली. पण २०१० मध्ये युरोपियन कमिशनने नियम काढून तो निकाल फिरवला : या वस्तू म्हणजे दिवे आणि प्रक्षेपक. कारण काय दिलं, तर कलाकृती म्हणजे ही उपकरणं नव्हेत; ती चालू केल्यावर जो प्रकाश पडतो, तो कलाकृती. ब्रुसेल्समधल्या कुणा कारकुनाने कर वसूल करता करता लेविटला शोभेल असं कलाविषयक विधान करून ठेवलं, आणि ते आजही नियम क्रमांक ७३१/२०१० म्हणून राजपत्रात आहे.